दोन्ही स्टँड उजवीकडे

आमच्या घरी पहिल्यांदा येणारा माणूस चहा संपेपर्यंत एकदा तरी विचारतोच, की हे दोन स्पीकर असे एकाच बाजूला, शेजारी शेजारी का उभे केलेत. त्यातला कोणी जाणकार निघाला तर उठून हाताने जागाही दाखवतो. 'सर, एक इकडं डावीकडं आणा, मग बघा मजा.' मी हो हो म्हणतो आणि कपबशा उचलून आत नेतो. पूर्वी मला राग यायचा. मी भौतिकशास्त्राचा मास्तर, ध्वनीचा धडा दरवर्षी शिकवून घसा बसवून घेतलेला, आणि हे मला स्पीकर कुठं ठेवायचे ते शिकवणार. आता राग येत नाही. पण ते तसे का उभे आहेत हे मी आजवर कोणालाच धड सांगितलेलं नाही, म्हणून लिहून काढतो आहे.

नव्वदच्या दशकात आमच्या सेनगावात गाणं ऐकायचं म्हणजे टेपरेकॉर्डर, आणि त्याचा आवाज भरीव करायचा तर माठ. सुटा स्पीकर आणायचा, माठाच्या तोंडावर बसवायचा आणि वायर जोडून द्यायची. पानटपरीपासून न्हाव्याच्या दुकानापर्यंत सगळीकडे माठ घुमत असायचे. त्यातून गाणं थोडं आणि धमधम जास्त यायची, पण आमच्या कानांना तीच गोड लागायची. चांगला आवाज म्हणजे काय हे मला नांदेडला बी.एस्सी.ला असताना कळलं. खोलीमालकाच्या मुलाकडे दोन लहान लाकडी स्पीकर होते. ते त्याने समोरासमोर नाही, तर आपल्यापुढे डावी-उजवीकडे अंतरावर ठेवले होते. मध्ये बसलं की गाणारी बाई बरोबर मधोमध उभी राहायची आणि तबला तिच्या एका हाताला. मी तिथे बसून जे खुळावलो ते खुळावलोच.

पुढे सेनगावलाच ज्युनिअर कॉलेजात नोकरी लागली आणि दोन हजार सालानंतर कधी तरी मी नांदेडहून तसलीच जोडी आणली. सोबत ॲम्प्लिफायर, त्यातच कॅसेट लावायची सोय. एसटीत एक खोकं मांडीवर, एक पायाशी, आणि कंडक्टर सारखा विचारतोय, 'सर, काचेचं सामान हाय का?' दुकानदाराने निघताना बजावलं होतं, 'फळीवर ठेवू नका, याला स्टँड लागतं. नाही तर अर्धा आवाज वाया जातो.' सोबत त्याने एक कागद दिला होता. त्यावर खोलीचं चित्र होतं. दोन स्पीकर, आणि पुढे खुर्चीत बसलेला माणूस, तिघांचा मिळून समभुज त्रिकोण. स्पीकरचं तोंड बसणाऱ्याच्या कानाच्या उंचीला.

घरी आल्यावर अण्णांनी तो कागद हातात घेतला, उलटा-सुलटा पाहिला आणि परत दिला. म्हणाले, 'वर फळीवर ठिव. दोनी एका जागी.'

अण्णा म्हणजे माझे वडील. इथे त्यांच्याबद्दल सांगायलाच हवं, कारण ही गोष्ट स्पीकरची कमी आणि त्यांची जास्त आहे.

अण्णांनी आयुष्यभर सेनगाव ते हिंगोली जीप चालवली. त्या काळात जीपमध्ये किती माणसं बसवायची याला काही धरबंध नव्हता. आत जागा संपली की शेवटचा माणूस ड्रायव्हरच्या उजव्या हाताला, दाराला चिकटून बसायचा, आणि ड्रायव्हर मध्ये सरकून, अंग तिरकं करून गाडी हाकायचा. बाहेरच्या कोणी पाहिलं तर त्याला कळायचंच नाही, गाडी नेमकी चालवतंय कोण. अण्णांच्या जीपमध्ये एक नियम जास्तीचा होता. तो त्यांनी पेंटरकडून आत रंगवून घेतला होता: 'उतरायचे असल्यास आवाज देऊ नये. पत्रा ठोकावा.' बाकीच्या जीपमध्ये लोक 'थांबा हो', 'रोको रोको' करून ओरडायचे. अण्णांच्या गाडीत म्हाताऱ्या बायासुद्धा हातातल्या पिशवीने पत्रा बडवायच्या. कोणी चुकून हाक मारलीच तर गाडी थांबायची नाही, पुढच्या फाट्यावर उतरून मागे चालत यावं लागायचं. लोक म्हणायचे, गड्याला भलताच माज आहे. मलाही तसंच वाटायचं.

मला वाटण्याला कारण होतं. शाळेला सुट्टी असली की मी जीपमध्ये गिअरच्या दांड्याच्या दोन्हीकडे पाय टाकून त्यांच्या डाव्या हाताला बसायचो. ती जागा माझी, हे सगळ्या प्रवाशांना माहीत होतं. मी एकसारखे प्रश्न विचारायचो. हे शेत कुणाचं, नरसीच्या देवळात इतके लोक कुठून येतात, गाडीचा वेग कुठं दिसतो. अण्णा रस्त्याकडे बघत राहायचे. दहा प्रश्नांना एक उत्तर मिळायचं, आणि तेही मी त्यांची बाही ओढली तर. पण उजव्या हाताला जो कोणी बसलेला असेल, मग तो बैलांचा व्यापारी असो की कोर्टाच्या तारखेला निघालेला पुढारी, त्याच्याशी मात्र गप्पांना ऊत. हसायचे काय, टाळी काय द्यायचे. ते हसू बघून मी तोंड फिरवून डावीकडची शेतं मोजत बसायचो.

सातवीत मी शाळेत पहिला आलो. निकाल हातात घेऊन पळत जीपच्या स्टँडवर गेलो तर अण्णांची जीप भरून निघतच होती. मी आपल्या जागेवर घुसलो. गाडी गावाबाहेर पडेपर्यंत धीर धरला, मग म्हणालो, 'अण्णा, मी पहिला आलो. सगळ्या सातवीत.' अण्णांनी हॉर्न दिला. पुढे एक बैलगाडी होती, ती मागे टाकली, आणि उजवीकडच्या माणसाला म्हणाले, 'औंदा तुरीचं काय खरं न्हाई बगा.'

मी पुन्हा सांगितलं नाही. हिंगोली येईपर्यंत निकालाच्या कागदाची सुरळी करत बसलो आणि त्याच दिवशी मनाशी ठरवलं, की या माणसाला यापुढे काही सांगायचं नाही. मी तसा हट्टी आहे. दहावी, बारावी, नांदेडचा प्रवेश, नोकरीची ऑर्डर, सगळं मायला सांगायचो. माय त्यांना सांगत असेल नसेल, मी कधी विचारलं नाही. त्या निकालाच्या आठवड्यात घरात पेढ्यांचा एक पुडा आला होता हेही आठवतं. कोणा प्रवाशाने दिला असेल म्हणून मी दोन पेढे खाल्ले आणि विसरून गेलो.

तर त्या अण्णांनी सांगितलं, स्पीकर फळीवर ठेव. गुडघ्यांनी दगा दिल्यामुळे त्यांनी जीप विकून टाकली होती आणि दिवसभर घरीच असत. त्यांची बसायची जागा ठरलेली होती. बैठकीचा कोपरा, डावा खांदा भिंतीला टेकलेला, खाली सतरंजी. फळी त्यांच्या उजव्या हाताला वर होती. तिच्यावर आमचा जुना टेपरेकॉर्डर वर्षानुवर्षं बसला होता.

'फळीवर ठेवून अर्धा आवाज वाया जातो,' मी मायला सांगितलं, त्यांना ऐकू जाईल असं.

'ज्याच्यातनं देवाचं नाव येतं ते मानसाच्या वर असावं,' अण्णा म्हणाले. 'भोंगा कुठं असतो? झाडावरच असतो ना? का तुह्या कागदावाल्यानं जमिनीवर ठिवलाय?'

आमच्याकडे आवाज वरूनच येतो, ही समजूत सगळ्यांचीच. सप्ताहातला भोंगा लिंबावर, लग्नातला मांडवाच्या खांबावर, आणि घरातला रेडिओ भिंतीतल्या देवळीत. पायाच्या पातळीला ठेवलेल्या खोक्यातून अभंग यावा हे मायलाही पटत नव्हतं. पण मला त्यात अण्णांची नेहमीची आडमुठी चाल दिसली. मी इरेला पेटलो. म्हटलं, आता स्टँडच करून घेणार.

आधी घरात होतं नव्हतं ते सगळं वापरून पाहिलं. दोन ट्रंका उभ्या केल्या, तर पखवाज लागला की ट्रंकेतल्या गोधड्यांखाली काही तरी घरघरायचं. ज्वारीच्या कोठ्या झाल्या, त्या रिकाम्या असल्या की घुमायच्या आणि भरल्या की माय दळणाला मधूनच एक उघडायची. प्लॅस्टिकचे स्टूल थरथर कापायचे. शेजाऱ्याचं कूलरचं स्टँड मागून आणलं. ते मजबूत होतं, पण एकच होतं, आणि दुसरं आणीपर्यंत उन्हाळा लागून त्याने पहिलंही नेलं. विटा रचून पाहिल्या. आवाज त्यातल्या त्यात बरा होता, पण मायने दोन दिवस सोसलं आणि तिसऱ्या दिवशी विटा परत अंगणात.

शेवटी वेल्डिंगवाल्या चाचांकडे गेलो. सेनगावात निम्म्या घरांची फाटकं, खाटा आणि कूलरची स्टँडं त्यांच्या हातची. त्यांच्या वडिलांपासून हे दुकान. मी कागदावरचं चित्र दाखवलं. त्यांनी चष्मा कपाळावर चढवून पाहिलं.

'मास्तर, ये तो कुंडी ठेवायचं स्टँड झालं.'

'स्पीकर ठेवायचे, चाचा.'

'स्पीकर के लिए इतना तामझाम? माठ घ्या ना.'

मी त्यांना समजावून सांगितलं. खाली जाड पत्र्याची पाटी, मध्ये चौकोनी पाईप, वर छोटी पाटी. पाईपला वरून भोक ठेवायचं, म्हणजे आत वाळू भरता येईल. वाळूने पाईप घुमत नाही. हे ऐकून चाचा खूश झाले. म्हणाले, 'ये बराबर बोले. पोकळ चीज आवाज करतीच.' उंची किती, तर मी स्टाफरूममध्ये खुर्चीवर बसून शिपायाकडून कानापर्यंतचं माप घेतलं होतं. तेवढा पाईप त्यांनी कापला.

वाळू कयाधू नदीची आणली. गच्चीवर दोन दिवस वाळवली, कारण ओली वाळू आतून पाईप खाते. मग मायच्या रव्याच्या चाळणीने चाळली, तिला न विचारता. त्याबद्दल मी काय ऐकून घेतलं ते इथे लिहीत नाही. भरलेली स्टँडं इतकी जड झाली की दोघांना मिळून उचलावी लागली. काळा रंग दिला, बैठकीत मापाने उभी केली, स्पीकर चढवले आणि मायला बोलावून समोर बसवलं.

ती बसली, अर्थातच खाली, सतरंजीवर. थोडा वेळ ऐकून म्हणाली, 'आवाज चांगला हाय रे, पण आमच्या डोस्क्यावरून जाऊन राहिला.'

मी तिच्याशेजारी बसलो आणि कपाळावर हात मारला. कागदावरचा माणूस खुर्चीत होता. मी माप घेतलं तेही खुर्चीत. आणि आमच्या घरात तेव्हा खुर्ची एकच, तीही पाहुण्यांसाठी. आम्ही जेवायला, वाचायला, भांडायला, सगळ्यालाच खाली बसणारी माणसं. मास्तरने वर्षभर पोरांना 'एकक नीट लिहा' म्हणून झापायचं आणि स्वतः माणूस कुठं बसतो एवढंही बघायचं नाही. अण्णा कोपऱ्यातून हे सगळं बघत होते. मिशीत हसले.

पुन्हा वाळू काढा, पुन्हा चाचा. या वेळी माप घरातच घ्यायचं ठरवलं, आणि ऐकणारे मुख्य अण्णाच, म्हणून त्यांचंच घ्यायचं. मी मापाची टेप घेऊन त्यांच्या डाव्या बाजूला, भिंत आणि त्यांच्यामधल्या फटीत कसाबसा वाकलो आणि म्हणालो, 'अण्णा, जरा ताठ बसा.' ते तसेच बसून राहिले. मी पुन्हा म्हणालो. ते बाहेर अंगणात कलकलाट करणाऱ्या कोंबड्या बघत होते. माझं डोकं सणकलं. तेवढ्यात माय म्हणाली, 'तिकडून काहून बोलून राहिलास? इकडून ये.' मी उजवीकडे आलो, सांगितलं, आणि ते लगेच ताठ बसले. मला तेव्हाही काही सुचलं नाही. मी फक्त माप घेतलं.

चाचांनी पाईप कापून पुन्हा वेल्डिंगचे डाग दिले. स्टँडं आता बुटकी आणि ठेंगणी दिसत होती, पण सरळ उभी होती. वाळू भरली. स्पीकर वर ठेवले तर पत्र्यावर लाकूड थरथरायला लागलं. मी त्याखाली घालायला पुठ्ठे, कापड, काय काय शोधत होतो. त्या वेळी अण्णा उठले. पाय ओढत मागच्या खोलीत गेले आणि जीपची जुनी ट्यूब घेऊन आले. कातरीने तिचे आठ चौकोन कापले, सगळे एका मापाचे, आणि एका-एका पाटीच्या चार कोपऱ्यांत चार लावले.

'थरथर मारायची तं खालून रबर द्यावं लागतं,' ते म्हणाले. 'इंजनखाली देतो तसं.'

थरथर थांबली. एवढं मोठं झाल्यावर वडिलांना शाबासकी कशी द्यायची हे मला माहीत नव्हतं, आणि बोलायची सवय तर मी केव्हाच मोडून टाकली होती. पण त्या आठ रबरी तुकड्यांनी मी आतून हललो, हे खरं आहे.

पहिल्या ऐकण्यासाठी रविवारची सकाळ धरली. नरसीच्या सप्ताहात विकत घेतलेली भजनाची कॅसेट लावली. तिच्यात पखवाज एका बाजूला आणि टाळ दुसऱ्या बाजूला स्वच्छ वाजायचे. अण्णांना कोपरा सोडून खोलीच्या मधोमध बसायला सांगितलं, कारण त्रिकोण तसा होता. ते नाखुशीनेच आले. त्यांच्यासमोर, डावी-उजवीकडे, कानाच्या बरोबर उंचीला दोन स्पीकर. मी स्वतः मागे बसून आधी ऐकून घेतलं होतं. पखवाज डावीकडे, टाळ उजवीकडे, गाणारा मध्ये. मला वाटलं, आज तरी हा माणूस म्हणेल, पोरा, चांगलं केलंस.

मी समोर जाऊन बसलो आणि विचारलं, 'अण्णा, पखवाज कुठून येतोय?'

त्यांनी उजव्या स्पीकरकडे बोट केलं.

'अन् टाळ?'

पुन्हा उजवीकडे.

म्हणजे माझं काही चुकलं. मी वायरी तपासल्या, अदलाबदल केली. आता पखवाज उजवीकडे, टाळ डावीकडे. पुन्हा विचारलं. पखवाज उजवीकडे. टाळही उजवीकडे. मी जरा चिडूनच म्हणालो, 'नीट ऐका ना.' ते म्हणाले, 'ऐकूनच सांगून राहिलो.' मग मी ॲम्प्लिफायरवरचं बॅलन्सचं बटण पार डावीकडे फिरवलं. उजवा स्पीकर बंद झाला, पूर्ण बंद. आता सगळं भजन एकट्या डाव्या स्पीकरमधून वाजत होतं.

'आता कुठून येतोय?'

अण्णांनी डोकं किंचित वळवलं, कान दिला, आणि त्या बंद पडलेल्या उजव्या स्पीकरकडे बोट दाखवलं. 'ह्याच्यातनंच. पर दबल्यावानी झालंय.'

माझा हात बटणावर तसाच राहिला. दोन कान असतात म्हणून आवाजाची दिशा कळते, हे मी दरवर्षी फळ्यावर डोक्याचं चित्र काढून शिकवत होतो. एक कान बंद करून टिचकी वाजवायचा प्रयोगही वर्गात करून घ्यायचो. पोरं डोळे मिटून सगळी बोटं उघड्या कानाच्या बाजूला दाखवायची आणि वर्ग हसायचा.

मी टेप बंद केला. उठलो आणि त्यांच्या डाव्या बाजूला, दोन हातांवर जाऊन हळूच म्हणालो, 'अण्णा.' ते आपण लावलेल्या रबराकडे बघत होते. तेवढ्याच हळू म्हणालो, 'अण्णा, पत्रा ठोकू का?' त्यांनी पापणीही हलवली नाही.

माय दारात उभी होती. तिने मला मानेनेच आत बोलावलं. चुलीपाशी उभी राहून ती हळू आवाजात बोलली, जसं काही अजून कोणी ऐकणार होतं.

'लहानपनी डावा कान वाहत व्हता त्यांचा. कोनी तरी कढत तेल घातलं अन् तो कान गेला. लग्न झाल्यावर चौथ्या दिवशी मला सांगितलं, अन् म्हनले, कोनापाशी बोलायचं न्हाई. डायवरला ऐकू येत न्हाई म्हनल्यावर गाडीत कोन बसंल?'

'पण मला काहून नाही सांगितलं?'

'तू लेकरू व्हतास. लेकरं शाळेत सांगतेत.' तिने चुलीतलं लाकूड मागे ओढलं. 'मंग मोठा झालास, तं तू त्यांच्यासंगं बोलतच नव्हतास. कवा सांगावं?'

मला तिथे उभं राहवेना. जीपमधला तो रंगवलेला नियम, त्या पत्रा बडवणाऱ्या म्हाताऱ्या, ते उजवीकडच्या माणसाबरोबरचं हसणं, भिंतीला टेकलेला डावा खांदा, मायचं नेहमी उजवीकडून ताट वाढणं, आणि त्या गिअरच्या दांड्यापाशी, त्यांच्या डाव्या हाताला बसलेलं माझं बडबडं तोंड. सगळं माझ्यासमोर होतं. मला स्वतःची इतकी लाज क्वचितच वाटली असेल.

बैठकीत परत आलो तेव्हा अण्णा आपल्या कोपऱ्यात जाऊन बसले होते. मायने मला आत का नेलं ते त्यांना कळलं होतं, हे त्यांच्या तोंडावर दिसत होतं. मी डावं स्टँड उचललं. एकट्याने, वाळूसकट. कमरेत उसण भरली ती पुढे आठवडाभर गेली नाही. ते उजवीकडच्या स्टँडशेजारी नेऊन ठेवलं, दोन्हींची तोंडं कोपऱ्याकडे वळवली. कागदावरचा त्रिकोण मोडला. मग त्यांच्या उजव्या हाताला, जिथे जीपमध्ये परकी माणसं बसायची तिथे, सतरंजीवर बसलो.

'आता कसं येतंय?' मी कॅसेट लावून विचारलं.

'आता बराबर हाय,' अण्णा म्हणाले. 'मी पयलंच म्हनलं व्हतं, दोनी एका जागी ठिव.'

भजनाची एक बाजू संपली. कॅसेट खटकन थांबली. मी ती उलटवली नाही. ज्या गोष्टीला तेव्हाच पंधराएक वर्षं होऊन गेली होती ती त्यांच्या उजव्या कानाला सांगितली.

'अण्णा, मी सातवीत पहिला आलो होतो.'

ते माझ्याकडे वळले. मला वाटलं, म्हणतील, बरं. किंवा म्हणतील, आता काहून सांगून राहिलास.

'मला ठावं हाय,' ते म्हणाले. 'तुहा मास्तर स्टँडवर भेटला व्हता त्या दिशी, संध्याकाळी. त्यानं सांगितलं. तसाच गेलो अन् पेढे घेतले. दोन दिस पुडा तसाच ठिवला. म्हनलं, पोरगं आपल्या तोंडानं सांगंल, मंग त्याच्या तोंडात घालीन.' त्यांनी सतरंजीची एक दशी बोटाभोवती गुंडाळली. 'तू सांगितलंच न्हाईस. मंग तुह्या मायला म्हनलं, दे वाटून.'

मी उठून कॅसेट उलटवली आणि परत येऊन त्यांच्या उजव्या हाताला बसलो.